शिधापत्रिका कोणाला, आणि ती मागावी कशी

(न्यासाच्या सुवर्णमहोत्सवी समारंभात केलेले भाषण)



अशा प्रसंगी वक्त्याने संस्थेचा इतिहास सांगावा व संस्थापकांचे स्मरण करावे, अशी आपल्याकडे रीत आहे. ते काम माझ्याहून जाणत्या मंडळींनी आज केलेच आहे. मजकडे विषय आला आहे तो तांदळाचा. न्यासाकडे मदतीसाठी जे अर्ज येतात त्यांतील पुष्कळ अर्जांत घरात धान्याची अडचण आहे असे लिहिलेले असते. अर्जदाराला बोलावून विचारावे, 'बाई, कार्ड कोणते आहे?' तर उत्तर येते, 'आहे एक, कपाटात आहे.' ते कोणत्या वर्गाचे आहे, त्यावर कोणाची नावे आहेत, त्यावर काय मिळावयास हवे, हे ठाऊक नसते. तेव्हा या विषयावर थोडे सांगावे, आणि जे सांगेन ते स्मरणिकेत छापले जावे म्हणजे घरोघर राहील, अशी विश्वस्तांची इच्छा पडली.

आपल्या या प्रदेशाला स्वतःचा तांदूळ वर्षभर पुरला, असा काळ कोणी सांगत नाही. खाजनात पिकले, मरडात पिकले, तरी बाहेरून आणल्यावाचून भागत नसे. मुंबईत 1943 साली रेशन सुरू झाले तेव्हा तेथे नोकरीला असलेल्या आपल्या माणसांनी ते प्रथम पाहिले. पुढे 1955 पासून भारत सरकारने पोर्तुगीज अमलाखालील गोव्याची आर्थिक नाकेबंदी केली, आणि बटाटे हॉलंडहून व तांदूळ पाकिस्तानातून आणण्याची पाळी आली. 1961 च्या डिसेंबरात गोवा मुक्त झाला, 1965 साली भारतीय अन्न महामंडळ स्थापन झाले, आणि रास्त भावाचे दुकान हा गावाच्या जीवनाचा एक भाग बनला. विविध कार्यकारी सेवा सोसायटीच्या दारात पिशव्या रांगेत ठेवून माणसे सावलीला बसत, हे दृश्य येथील पुष्कळांनी पाहिले असेल.

त्या काळी कार्ड म्हणजे कार्ड. श्रीमंताचे व गरिबाचे निराळे नसे. 1997 च्या जूनमध्ये सरकारने दारिद्र्यरेषेच्या वरचे आणि खालचे असे दोन भाग केले, आणि तेव्हापासून 'मी कोणत्या भागात?' हा प्रश्न उत्पन्न झाला. 2000 च्या डिसेंबरात गरिबांतीलही अतिगरिबांसाठी अंत्योदय योजना आली. 2001 साली सर्वोच्च न्यायालयापुढे अन्नाच्या हक्काचा दावा दाखल झाला आणि त्यातून एकामागून एक आदेश निघाले. शेवटी 2013 साली संसदेने राष्ट्रीय अन्नसुरक्षा कायदा केला. या शेवटच्या गोष्टीचे महत्त्व आपल्या लोकांच्या अजून पुरते ध्यानात आलेले नाही. 2013 पूर्वी सरकार धान्य देत होते ते योजना म्हणून. योजना आज आहे, उद्या नाही. कायद्यानंतर ते धान्य पात्र कुटुंबाचे कायदेशीर येणे झाले. ते मिळाले नाही, तर त्याऐवजी अन्नसुरक्षा भत्ता मागण्याची तरतूद त्याच कायद्यात आहे.

हे मी मुद्दाम सांगतो, कारण आपल्याकडे लाज फार. देवळाच्या मानकरी घराण्यातील माणूस, पूर्वी चार खंडी भात मोजून घेणारा, त्याने रेशनच्या दुकानासमोर पिशवी घेऊन उभे राहावयाचे म्हणजे घराण्याला बट्टा लागतो, असे मानणारी कुटुंबे मला माहीत आहेत. त्यांपैकी एका घरात दोन म्हाताऱ्या बहिणी रात्रीच्या पेजेत भाताचा अंश शोधावा लागेल इतके पाणी घालीत, आणि शेजारणीला सांगत की वैद्याने हलके खावयास सांगितले आहे. कायद्याने दिलेले धान्य घेणे ही भीक नव्हे. न्यासाने दिलेली मदत हे दान आहे. ते घ्यावयास लोक येतात, आणि जे दान नाही ते मागावयास लाजतात, ही उलटी तऱ्हा आहे.

आता कार्डांविषयी. गोव्यात तीन वर्ग ध्यानात ठेवावे. पहिला अंत्योदय: त्या कुटुंबास, माणसे कितीही असोत, महिन्याला 35 किलो धान्य. दुसरा प्राधान्य कुटुंब: त्यात माणशी महिन्याला 5 किलो. कायद्यात तांदळाचा दर किलोला 3 रुपये होता. 1 जानेवारी 2023 पासून हे धान्य फुकट झाले, आणि 1 जानेवारी 2024 पासून आणखी पाच वर्षे ते फुकटच देण्याचे केंद्र सरकारने ठरविले. तिसरे दारिद्र्यरेषेवरचे साधे कार्ड. अन्नसुरक्षा कायद्याचे धान्य या कार्डावर मिळत नाही. पुष्कळ घरांत हे तिसरे कार्ड असते व मंडळी समजतात की आपल्याला रेशन आहे. कार्ड आहे, एवढे खरे. म्हणून घरी गेल्यावर प्रथम कार्डावरचा वर्ग वाचावा.

यात एक हिशेब आहे, तो मोठ्या कुटुंबांनी व एकट्या माणसांनी करून पाहावा. आठ माणसांच्या घरात प्राधान्य कार्डावर 40 किलो येतात, अंत्योदयावर 35. पण एकट्या विधवेला प्राधान्य कार्डावर 5 किलो येतात, आणि ती अंत्योदयास पात्र असेल तर 35. हा फरक लहान नाही.

मग पात्र कोण? येथे जरा धीराने ऐकावे. कायद्यात एक आकडा आहे आणि एक निकष आहे. आकडा दिल्लीने ठरविला, निकष राज्याने ठरवावयाचे. सबंध देशात ग्रामीण लोकसंख्येच्या 75 टक्के व नागरी लोकसंख्येच्या 50 टक्के माणसे कायद्याखाली यावीत असे ठरले. परंतु प्रत्येक राज्याचा वाटा सारखा नाही. त्या वेळच्या योजना आयोगाने 2011-12 सालच्या घरगुती खर्चाच्या पाहणीवरून तो काढला. गोव्याच्या वाट्याला आले ग्रामीण 42.24 टक्के आणि नागरी 33.02 टक्के, मिळून सुमारे 5 लाख 32 हजार माणसे. आता पत्रादेवीचा नाका ओलांडा, किंवा तेरेखोल नदी उतरून आरोंद्याला जा. महाराष्ट्राचे ग्रामीण प्रमाण आहे 76.32 टक्के. सबंध राज्याचे प्रमाण हे. प्रत्येक गावाचे नव्हे. तथापि दोडामार्गाची बहीण आणि मुळगावचा भाऊ यांची परिस्थिती सारखीच असून, एकीला कार्ड मिळते आणि दुसऱ्याला 'जागा नाही' असे सांगतात, ही तक्रार आपण ऐकतो. तिचे मूळ या दोन आकड्यांच्या अंतरात आहे. कचेरीतील कारकुनाला दोष देऊन ते अंतर मिटत नाही.

आणि ती पाहणी झाली कधी, ते पाहा. 1 जुलै 2011 ते 30 जून 2012. डिचोलीच्या माणसाला या तारखा सांगताच तो काय समजावयाचे ते समजेल. खनिजाच्या भरभराटीचा तो अखेरचा हंगाम. मये, शिरगाव, मुळगाव, पिळगाव, लामगाव या बाजूला रात्रंदिवस ट्रक चालत होते, आणि ज्याने कर्ज काढून ट्रक घेतला त्याच्या घरीही हातात पैसा खेळत होता. 10 सप्टेंबर 2012 रोजी राज्य सरकारने खाणी थांबविल्या. ऑक्टोबरात सर्वोच्च न्यायालयाची बंदी आली. 2014 च्या एप्रिलमध्ये ती काही अटींवर उठली, आणि 7 फेब्रुवारी 2018 च्या निकालाने 88 खाणपट्टे रद्द होऊन त्या वर्षीच्या 16 मार्चपासून पुन्हा सारे थंडावले. पुढे लिलाव झाले, काही काम परत सुरू झाले, ते निराळे. पण गोव्याची सुबत्ता मोजली गेली ती नेमकी त्या एका चांगल्या वर्षात, आणि तोच वाटा आजवर चालत आला आहे. लोकसंख्याही 2011 च्या जनगणनेचीच धरली आहे. त्यातही आणखी एक खोच अशी, की त्या जनगणनेत गोव्यातील 56 गावे पंचायत असूनही 'नगर' म्हणून मोजली गेली. नारळीच्या झाडाखाली, पंचायतीच्या हद्दीत राहणारा माणूस कागदावर नागरिक झाला आणि कमी टक्क्याच्या कोष्टकात गेला.

हा वाटा बदलावयाचा तर ते काम संसदेचे व केंद्र सरकारचे. आपण ठराव करून पाठवावा. तो आजच्या सभेत मांडला जाणार आहे असे मी ऐकतो, आणि त्याला माझा पाठिंबा आहे. परंतु तोवर पंगत मर्यादित पानांची आहे हे ओळखून चालले पाहिजे. त्यातून दोन गोष्टी निघतात, आणि त्यांतील एक पुष्कळांना कडू लागेल.

कडू ती आधी सांगतो. ज्या घरात दोन सरकारी पगार येतात, ज्याच्या दारात मोटारगाडी आहे, किंवा ज्याचा मुलगा आखातातून दरमहा पैसे धाडतो, त्याने जुन्या काळचे प्राधान्य कार्ड 'असू दे, तांदूळ कोंबड्यांना होईल' म्हणून ठेवले, तर तो सरकारचे काही नेत नाही. तो आपल्याच वाड्यावरच्या एका माणसाचे पान अडवितो. संख्या ठरलेली असल्यामुळे एकाने जागा सोडल्यावाचून दुसऱ्याला ती मिळत नाही. या सभागृहात अशी कुटुंबे नसतीलच असे मी म्हणत नाही. कार्ड आपण होऊन परत करता येते. दंडाची वाट पाहू नये.

दुसरी गोष्ट: जे पात्र आहेत त्यांनी मागितलेच पाहिजे. अंत्योदय कोणाला द्यावयाचे याविषयी सर्वोच्च न्यायालयाने 2 मे 2003 रोजी स्पष्ट सांगितले आहे. निराधार वृद्ध, अपंग, विधवा व ज्यांना कोणाचा नियमित आधार नाही अशा एकट्या स्त्रिया, घरातील मिळविता माणूस दुर्बल झाल्यामुळे अथवा कोणाची शुश्रूषा करावी लागत असल्यामुळे कामास जाऊ न शकणारी कुटुंबे, आदिम जमाती, अशांची नावे त्यात आहेत. 'आधार' म्हणजे पुण्याला राहणारा पुतण्या चतुर्थीला येऊन पाचशे रुपये देतो तो नव्हे. नियमित आधार, असा शब्द आहे.

प्राधान्य कुटुंबाचे निकष राज्याने ठरवावयाचे असतात व ते वेळोवेळी बदलतात. ही स्मरणिका वीस वर्षे कपाटात राहील, म्हणून उत्पन्नमर्यादेचा आकडा मी यात घालीत नाही; अर्ज करतेवेळी नागरी पुरवठा खात्याच्या तालुका कचेरीत लेखी विचारावा. सरकारी नोकरी, आयकर, चारचाकी वाहन या वगळण्याच्या खुणा पुष्कळ राज्यांनी धरल्या आहेत. खाणपट्ट्यातील बांधवांना माझे सांगणे असे, की खाणीचा ट्रक दारात गंजत उभा असेल आणि बँकेचा हप्ता थकलेला असेल, तर अर्जासोबत ते कागद जोडावे. ट्रक पाहून माणूस सधन ठरविला जाऊ नये म्हणून ट्रक चालत नाही हे दाखविण्याची जबाबदारी, दुर्दैवाने, ज्याचे पोट रिकामे आहे त्याच्यावरच येऊन पडते.

आता कागद. माझ्या अनुभवात पात्र माणसाचा अर्ज अडतो तो गरिबीच्या पुराव्यावर क्वचित. राहण्याच्या पुराव्यावर मात्र पुष्कळदा. भाटकाराच्या जमिनीत तीन पिढ्या राहणारे मुंडकार आपल्याकडे किती तरी आहेत. 1975 च्या मुंडकार कायद्याने त्यांना संरक्षण दिले, पण घरपट्टी अजून आजोबांच्या नावे, नाहीतर भाटकाराच्या. मयेसारख्या गावात तर जमिनीचाच प्रश्न वर्षानुवर्षे लोंबकळत राहिला. अशा घरांनी निराश होऊ नये. शिधापत्रिका ही जमिनीची सनद नव्हे आणि ती मागताना मालकी सिद्ध करावयाची नसते. येथे राहतो, एवढेच दाखवावयाचे असते. वीजबिल, मतदारयादीतील नाव, पंचायतीचा रहिवासाचा दाखला, मुलांच्या शाळेचे कागद, हे सर्व बरोबर न्यावे.

सीमेवरच्या घरांची अडचण वेगळी. पेडण्यातील अर्ध्या सुना सावंतवाडी, वेंगुर्ले, दोडामार्ग या बाजूंच्या, असे थट्टेने म्हणतात. सून इकडे येते, पण तिचे नाव माहेरच्या कार्डावर राहते. एका माणसाचे नाव दोन कार्डांवर असू शकत नाही, आणि आता आधार क्रमांकामुळे ते लगेच उघडकीस येते. लग्न झाले की महिन्याभरात माहेरच्या तहसील कचेरीतून नाव कमी केल्याचा दाखला आणावा. अहेर, मानपान यांची यादी आपण करतो, त्यात हा एक कागद घालावा. माहेरची मंडळी कधी कधी टाळतात, कारण नाव कमी झाले की त्यांचे पाच किलो कमी होतात; पण सुनेचे पाच किलो तिच्या ताटात यावयास हवेत. मूल झाले की जन्मदाखला नेऊन नाव चढवावे. घरातील माणूस वारले की नाव काढावे, हे सांगताना मला संकोच होतो, पण बाराव्याच्या आधी नको, तेराव्यानंतर तरी करावे. मृताच्या नावावर उचललेले धान्य सापडले की सबंध कार्ड संशयात येते.

चूल वेगळी झाली असेल तर कार्ड वेगळे मागता येते. पण केवळ एका घरात दोन कार्डे यावीत म्हणून चूल वेगळी दाखविणे हा उपद्व्याप करू नये. चौकशीला आलेला माणूस स्वयंपाकघरातच डोकावतो. आणि एक ध्यानात ठेवावे: कायद्याप्रमाणे शिधापत्रिकेपुरती कुटुंबप्रमुख ही घरातील अठरा वर्षांवरील सर्वांत मोठी स्त्री असते. सासूबाई असल्या तर सासूबाई. पुरुषमंडळींनी यात मान गेला असे समजू नये. पिशवी उचलून आणण्याचा मान त्यांचाच आहे.

अर्ज तालुक्याच्या नागरी पुरवठा कचेरीत द्यावयाचा. आता संगणकावरूनही देण्याची सोय झाली आहे. कोणत्याही मार्गाने द्या, पण पोच घ्या. तोंडी दिलेल्या नकाराला कायद्यात किंमत नाही, तशी तोंडी केलेल्या अर्जालाही नाही. 'नंतर या' असे कोणी म्हणाले, तर नम्रपणे म्हणावे, 'साहेब, येतो. तेवढे अर्जावर लिहून द्या.' नकार लेखी मिळाला की त्याविरुद्ध जिल्हा तक्रार निवारण अधिकाऱ्याकडे जाता येते, आणि त्यानंतर राज्य अन्न आयोगाकडे. 1967 हा दूरध्वनी क्रमांक रेशनच्या तक्रारींसाठी आहे. आपल्या दुकानाच्या यादीत कोणाकोणाची नावे आहेत हे 2005 च्या माहिती अधिकार कायद्याखाली विचारता येते. शेजाऱ्याचे नाव शोधण्यासाठी नव्हे, आपले का नाही हे कळण्यासाठी.

अंगठ्याच्या यंत्राविषयी फार तक्रारी येतात. आयुष्यभर काजूच्या बिया सोललेल्या, भांडी घासलेल्या म्हाताऱ्या बाईच्या बोटांवर रेषा राहत नाहीत. यंत्र तिला ओळखत नाही. दुकानदार म्हणतो, मी काय करू. केंद्र सरकारने 24 ऑक्टोबर 2017 च्या पत्राने सर्व राज्यांना कळविले आहे, की केवळ आधार नाही किंवा अंगठा जुळला नाही म्हणून पात्र माणसाला धान्य नाकारू नये. या पत्राची प्रत न्यासाने काढून ठेवावी अशी माझी सूचना आहे. सांगण्यापेक्षा कागद दाखविला की काम लवकर होते. तथापि ई-केवायसी म्हणतात ती ओळखपडताळणी ज्यांची झाली नसेल त्यांनी ती करून घ्यावी. अंथरुणाला खिळलेल्या माणसासाठी काय सोय आहे, ते कचेरीत आधी विचारून ठेवावे.

जाता जाता तांदळाविषयीच्या एका अफवेचा समाचार घेतो. रेशनच्या तांदळात प्लास्टिक आहे, काही दाणे पाण्यावर तरंगतात, अशी ओरड मध्यंतरी झाली आणि चांगला तांदूळ लोकांनी गुरांपुढे टाकला. 2024 च्या मार्चपर्यंत रेशनच्या साऱ्या तांदळात लोह, फॉलिक आम्ल व ब-12 जीवनसत्त्व घातलेले दाणे मिसळण्याची व्यवस्था सरकारने पुरी केली होती. ते दाणे तांदळाच्याच पिठाचे घडविलेले असतात, म्हणून थोडे निराळे दिसतात व तरंगतात. उकड्या तांदळाच्या चवीला सरावलेल्या जिभेला रेशनचा तांदूळ रुचत नाही, ही गोष्ट वेगळी. तिला माझ्यापाशी उपाय नाही.

आपल्या वाड्यांवर आता बाहेरगावचे कामगार पुष्कळ राहतात. मोपाच्या विमानतळाचे काम, धारगळ-तुये बाजूची बांधकामे, हरमल-मांद्रे किनाऱ्यावरची उपाहारगृहे, यांत राबणारी ही माणसे. त्यांच्यापाशी त्यांच्या राज्याचे अन्नसुरक्षा कार्ड असेल, तर त्याच कार्डावर त्यांना येथील दुकानात आपले धान्य उचलता येते. 1 जानेवारी 2020 पासून ज्या बारा राज्यांत ही सोय सुरू झाली त्यांत गोवा होता, आणि आता ती सर्व देशभर आहे. ते धान्य गोव्याच्या वाट्यातून कापले जात नाही. हे दुकानदारांनाही सांगावे लागते. आपली मुले पुण्या-मुंबईस नोकरीला जातात त्यांनाही हाच नियम लागू.

न्यासाने काय करावे, याविषयी विश्वस्तांशी माझे बोलणे झाले आहे. दर वर्षी आपण चतुर्थीला काही कुटुंबांना तांदळाची पिशवी देतो. ती द्यावीच. पण एक पिशवी एकदा संपते, आणि ज्या विधवेचे कार्ड अंत्योदयात गेले तिला वर्षाला 420 किलो धान्य येते. एवढे देण्याची आपल्या न्यासाची ऐपत नाही, हे हिशेबनीसांना विचारून पाहावे. म्हणून असे ठरले आहे, की महिन्याच्या पहिल्या व तिसऱ्या रविवारी सकाळी नऊ ते बारा या वेळात न्यासाच्या कचेरीत एक मेज मांडावयाचे आणि तेथे दोघांनी बसून अर्ज भरून द्यावयाचे. पेडण्याच्या मंडळींना येणे लांब पडते. त्यांच्यासाठी महिन्यातून एकदा तिकडे बसण्याची जागा पाहणे चालू आहे. कॉलेजात जाणारी तीन मुले या कामास तयार झाली आहेत. आणखी दोन हवी आहेत, त्यांत एक मुलगी असावी, कारण घरातील खरी स्थिती बायका बाईमाणसाजवळच बोलतात.

येताना सध्याचे कार्ड, घरातील सर्वांची आधारकार्डे, वीजबिल किंवा घरपट्टीची पावती, आणि मामलेदार कचेरीचा उत्पन्नाचा दाखला असला तर तो, असे आणावे. मूळ कागद व एक एक प्रत. कागद अपुरे असले तरी यावे. कोणता कोठून मिळवावयाचा ते तेथे सांगितले जाईल. अर्ज भरून देण्याबद्दल कोणी काही देऊ नये, आणि मेजावरच्या कोणी घेऊ नये. पहिली बैठक येत्या तिसऱ्या रविवारी आहे.